सोमवारचे प्रस्थान

॥ श्रीविठ्ठल प्रसन्न ॥



कीर्तन आटोपले, आरती झाली, म्हणजे श्रोतेमंडळी भेटावयास येतात. त्यांत दोन-चार जण तरी प्रपंचाचे गाऱ्हाणे घेऊन आलेले असतात. अलीकडे एक गाऱ्हाणे आम्हांस गावोगावी ऐकू येते. कोणी कारखान्यात आहे, कोणी कचेरीत आहे, कोणी शाळेवर शिक्षक आहे. पण बोलणे एकच. "महाराज, सप्ताहात मन रमते, वारीत तर देहभान राहत नाही, पण रविवारची दिवेलागण झाली की छातीवर धोंडा ठेवल्यासारखे होते. उद्या सोमवार! पुन्हा तेच गाडे ओढायचे. उत्साह म्हणून वाटत नाही. तो कोठून आणावा?"

प्रश्न खरा आहे. तो हसण्यावारी नेण्याजोगा नाही. ज्याचा आठवडा उदासपणाने उघडतो त्याचे वर्ष तसेच सरते, आणि वर्षे सरली म्हणजे आयुष्य सरले. म्हणून या महिन्याच्या सेवेस हाच विषय घेतला आहे. आमचे म्हणणे प्रथमच सांगून टाकतो, म्हणजे कोणी शेवटपर्यंत ताटकळत बसावयास नको. उत्साह येईल तेव्हा आरंभ करू, असे म्हणणाऱ्याचा आरंभ कधी होत नाही. आधी लहानसे पाऊल बाहेर टाकावे. उत्साह मागाहून चालत येतो. वारकऱ्यांच्या भाषेत या लहानशा पावलाला प्रस्थान म्हणतात.

आता प्रथम वार म्हणजे काय, ते पाहू. पंचांगाची अंगे पाच: तिथी, वार, नक्षत्र, योग आणि करण. त्यांतील वार हा सूर्योदयापासून दुसऱ्या सूर्योदयापर्यंत. वारांचा क्रम असाच का, रविवारामागून सोमवारच का, हे पुष्कळांना ठाऊक नसते. गतीने अत्यंत मंद तो शनी; त्याच्यापासून शीघ्र गतीच्या चंद्रापर्यंत शनी, गुरू, मंगळ, रवी, शुक्र, बुध, चंद्र अशी जुन्या ज्योतिष्यांची ओळ. अहोरात्राचे चोवीस होरे. प्रत्येक होऱ्याचा स्वामी या ओळीने एकेक ग्रह. सूर्योदयाच्या पहिल्या होऱ्याचा जो स्वामी, त्याचे नाव त्या वाराला. रविवारी पहिला होरा रवीचा. मोजीत गेले म्हणजे बाविसावा पुन्हा रवीचा, तेविसावा शुक्राचा, चोविसावा बुधाचा, आणि पंचविसावा, म्हणजे दुसऱ्या दिवशीचा पहिला, चंद्राचा. झाला सोमवार! एवढा साधा हा हिशेब आहे. यात सोमवाराने कोणाचे काही वाईट केलेले नाही.

उलट एक मौज पाहा. पुरुषसूक्तात विराट पुरुषाच्या मनापासून चंद्र झाला असे वर्णन आहे. म्हणजे चंद्र आणि मन यांचे नाते जुने. चंद्राला कला आहेत. तो वाढतो, घटतो, अवसेला दिसेनासा होतो. पण आपली वाट काही सोडीत नाही. मनाचेही तसेच आहे. प्रत्येक सोमवारी मनाची पौर्णिमाच असावी हा हट्ट कशाला? कला कमी असली तरी वाट चालावयास हरकत नाही.

दुसरी गोष्ट रविवारच्या सुटीची. ही सुटी आभाळातून पडलेली नाही. मुंबईच्या गिरण्यांत एके काळी सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंत काम चाले आणि आठवड्याची ठरलेली सुटी नसे. महात्मा जोतीराव फुले यांचे सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी 1884 साली गिरणी कामगारांची संघटना उभी केली, सभा भरविल्या, अर्ज केले. रविवार हा खंडोबाचा वार, त्या दिवशी कामगारांस सवड हवी, हेही त्यांच्या मागणीत होते असे सांगतात. अखेर 10 जून 1890 रोजी रविवारची सुटी मान्य झाली. घाटावरचा आणि कोकणातला गोरगरीब कामकरी तेव्हा कोठे आठवड्यातून एक दिवस मुलाबाळांत बसू लागला. एवढ्या कष्टाने मिळालेली विश्रांती आपण कशी घालवतो? अर्धा रविवार झोपेत, उरलेला 'उद्या सोमवार' या धास्तीत. मग ना विश्रांती, ना काम. विश्रांतीचे फळ सोमवारी दिसले पाहिजे.

आता कोणी शेतकरी म्हणेल, "महाराज, आम्हांला कसला रविवार आणि कसला सोमवार? गाईची धार रविवारीही काढावी लागते." खरे आहे. शेतकऱ्याचा आठवडा बाजाराच्या दिवसावर फिरतो. पुष्कळ गावांत सोमवारी बैलांना जुंपीत नाहीत. तो नंदीचा वार. तेथे औताचा आठवडा मंगळवारी उघडतो. पाळीवर जाणाऱ्या परिचारिकेचा किंवा एस.टी.च्या चालकाचा आठवडा गुरुवारीही सुरू होऊ शकेल. पंढरीत बुधवार हा विठोबाचा वार मानतात. तेव्हा नाव सोमवाराचे घेतले तरी ज्याचे काम ज्या दिवशी सुरू होते, तो त्याचा सोमवार समजावा.

आता मुख्य गोष्ट, प्रस्थानाची. आपल्या जुन्या लोकांत एक चाल होती. दूरच्या प्रवासाचा मुहूर्त काढलेला असे, पण त्या घटकेला निघणे जमत नसे. पाहुणे आलेले असत, नाही तर पावसाने ओढा भरलेला असे. अशा वेळी काय करीत? एका फडक्यात सुपारी, अक्षता किंवा अंगावरचे वस्त्र बांधून मुहूर्तावर शेजारच्या घरी किंवा देवळात नेऊन ठेवीत. याला म्हणत 'प्रस्थान ठेवणे'. एवढे केले म्हणजे माणूस निघाला असे धरीत. मग दोन दिवसांनी सवडीने तेथून गाठोडे उचलून पुढे जात. कोणी याला भाबडेपणा म्हणेल. आम्ही म्हणतो, यात मनाची मोठी पारख आहे. गाठोडे उंबऱ्याबाहेर गेले की मनही बाहेर जाते. मग घरी बसलेला माणूस घरचा राहत नाही, वाटेचा होतो.

आणि आपल्या सोहळ्यात तरी काय आहे? ज्येष्ठ वद्य सप्तमीस देहूहून तुकोबारायांची आणि अष्टमीस आळंदीहून ज्ञानोबारायांची पालखी प्रस्थान ठेवते. पुढे केवढी वाट आहे! आळंदी ते पंढरपूर सव्वादोनशे किलोमीटरांच्या वर चालणे, सुमारे अडीच आठवड्यांचा काळ, मध्ये दिवेघाटाची चढण, आषाढाचा पाऊस, चिखल. एवढ्या मोठ्या वाटचालीच्या पहिल्या दिवशी माउली किती चालतात? देवळातून बाहेर पडतात आणि आळंदीतच आजोळघरी मुक्काम करतात! देहूतही तसेच, तुकोबारायांचा पहिला मुक्काम गावातल्याच इनामदार वाड्यात. लाखो वैष्णव टाळमृदंग घेऊन उभे, पताका फडकताहेत, आणि पालखी गावातल्या गावात उतरते. का बरे? पहिल्याच दिवशी पुणे गाठावे, असे कोणी का म्हणाले नाही?

कारण आमच्या वाडवडिलांनी ओळखले होते की पहिल्या दिवसाचे काम अंतर कापणे नव्हे. पहिल्या दिवसाचे काम उंबरा ओलांडणे. देवळाच्या आत आहे तो उत्सव, देवळाच्या बाहेर पडली ती वारी. एकदा बाहेर पडले की उद्याचा दिवस आपल्या पायांनी येतो.

आता हे आपल्या आठवड्याला लावून पाहा. सोमवारी सकाळी आपण काय करतो? आठ दिवसांचे थकलेले काम, राहिलेली उधारी, साहेबाचा रोष, मुलाची फी, सगळे डोंगर एकदम डोक्यावर घेतो. आणि मग म्हणतो, पाय उचलत नाही. कसा उचलावा? आळंदीच्या महाद्वारात उभे राहून एकाच दिवसात पंढरी गाठायची म्हटली तर कोणाचे पाय उचलतील? सोमवारी फक्त आजोळघरापर्यंत जावे. जे काम सर्वांत जास्त टाळावेसे वाटते त्याचा पहिला कागद काढावा. ज्याला तोंड चुकवितो त्याला एक निरोप धाडावा. शेताच्या बांधाची दुरुस्ती असेल तर पहिले चार दगड लावावेत. एवढ्याने काम होत नाही, हे आम्हांसही कळते. पण एवढ्याने प्रस्थान होते.

पालखी सोहळ्यात आणखी तीन गोष्टी अशा आहेत की ज्या घरी नेण्याजोग्या आहेत.

पहिली गोष्ट, समाजआरती. संध्याकाळी माउली तळावर पोहोचतात. सगळ्या दिंड्या भोवती उभ्या राहतात. टाळांचा एवढा कल्लोळ, पण चोपदारांनी दंड उंच केला की क्षणात शांतता! ज्या दिंडीचे काही गाऱ्हाणे असेल, तिचे टाळ मात्र वाजत राहतात. चोपदार तेथे जातात, गाऱ्हाणे ऐकून घेतात. मग काय हरवले, काय सापडले ते पुकारतात. उद्या पालखी किती वाजता हलणार ते सांगतात. आणि मग आरती होते. पाहा, दिवस मिटविण्याची केवढी शहाणी रीत! गाऱ्हाणे, हरवले, सापडले, उद्याची वेळ, आणि शेवटी देव. रविवारी संध्याकाळी घरोघरी अशी समाजआरती का होऊ नये? देवापुढे दिवा लावून सगळ्यांनी बसावे. घरात ज्याचे टाळ अजून वाजताहेत, म्हणजे ज्याच्या मनात काही खुपते आहे, त्याचे आधी ऐकावे. सून असो, म्हातारी असो, शाळकरी पोर असो. या आठवड्यात काय हरवले ते बोलावे. काय सापडले तेही बोलावे, कारण सापडलेले आपण विसरतो. उद्या कोणी कधी निघायचे ते ठरवावे. आणि हरिपाठ म्हणून उठावे. रविवारच्या संध्याकाळची ती धास्ती अर्धी येथेच सरते. न बोललेल्या गाऱ्हाण्याचे ओझे सर्वांत जड.

दुसरी गोष्ट, कर्णा. पहाटे अंधारात कर्णा होतो, तो तीनदा. पहिल्या कर्ण्याला उठून आवराआवर, दुसऱ्याला दिंड्या लागणे, तिसऱ्याला पालखी हलणे. पहिल्या कर्ण्याला कोणी म्हणत नाही की एकदम धावत सुटा. आणि तिसऱ्यानंतर पालखी कोणासाठी थांबत नाही. आपण मात्र एकाच गजरावर उठावे, आवरावे आणि पळावे अशी घाई करतो; किंवा तोच गजर चार वेळा दाबून ठेवतो. सोमवारी पाऊण तास आधी उठून पाहा. पहिला कर्णा देहासाठी, दुसरा देवासाठी, तिसरा कामासाठी. ज्याने हातात मोबाइल घेण्याआधी टाळ घेतला, त्याचा दिवस त्याच्या ताब्यात राहिला.

तिसरी गोष्ट, दिंडी. वारीत एकटा चालणारा लवकर थकतो. दिंडीतला थकला तरी चालतो. पुढे पताकावाले, मध्ये विणेकरी, टाळकऱ्यांच्या ओळी, मागे तुळशीवृंदावन आणि पाण्याचा हंडा घेतलेल्या माउल्या. आपले पाऊल आपण टाकीत नाही, ताल टाकतो. भजनाचा क्रमही बांधलेला: काकडा, भूपाळ्या, गौळणी, आणि वारांचे अभंग. होय, आपल्या भजनी मालिकेत प्रत्येक वाराचे अभंग वेगळे लावून दिलेले आहेत! सोमवारचे वेगळे, मंगळवारचे वेगळे. म्हणजे ज्या सोमवाराला आपण भितो, त्याच्यासाठी आपल्या वाडवडिलांनी आधीच भजन ठरवून ठेवलेले आहे. घरात माळेची पोथी असेल तर उघडून पाहावी. सोमवारी पहाटे त्यातील एक अभंग म्हणावा, आणि एका सोबत्याला 'रामकृष्णहरि' म्हणून हाक द्यावी. नेम दोघांचा असला म्हणजे एकाचा कंटाळा दुसरा सावरतो.

येथपर्यंत ऐकून कोणी म्हणेल, "हे सगळे ज्याचा नेम चालू आहे त्याला ठीक. ज्याचा मोडला त्याने काय करावे?" सज्जनहो, याच माणसासाठी आम्ही लेखणी हातात घेतली आहे.

एका यंत्रमागाच्या गावी सप्ताहाला गेलो असता चाळिशीतला एक गृहस्थ काल्याच्या आदल्या रात्री एकांती भेटावयास आला. दोन वर्षांपूर्वी आषाढीला त्याने माळ घातली होती. पण आठवड्याचा पगार हातात पडला की त्याचे पाय दारूच्या दुकानाकडे वळत. म्हणाला, "माउली, माळ काढून खुंटीला टांगली. किती वेळा म्हटले, येत्या सोमवारपासून सोडतो. दर सोमवारी सोडतो आणि दर पगाराला पितो. आता बायको ऐकत नाही, पोरगी बोलत नाही. देवळात यायची लाज वाटते." त्याच्या डोळ्यांत पाणी होते.

आम्ही त्याला जन्मभराची शपथ घातली नाही. म्हटले, "माउली, तुझा आठवडा सोमवारी मोडत नाही, पगाराच्या संध्याकाळी मोडतो. तेव्हा प्रस्थान तेथेच ठेव. पगार झाला की कारभारणीने कारखान्याच्या दाराशी यावे, पैसे तिच्या ओटीत जावेत, आणि तू शेजारच्या टाळकऱ्याबरोबर थेट हरिपाठाला यावेस. घरी नंतर. एवढी एक संध्याकाळ सांभाळ. बाकीचे सहा दिवस पुढे पाहू." त्याची बायको दाराआड उभी होती, ती म्हणाली, "मी येईन उभी राहायला."

दोन आठवडे निभले. तिसऱ्यांदा तो घसरला. पण या वेळी एक फरक पडला. दुसऱ्या दिवशी तो लपून बसला नाही. हरिपाठाला येऊन मागच्या ओळीत उभा राहिला, आणि शेजारच्या टाळकऱ्याने काही न बोलता त्याच्या हातात टाळ दिले. पुढच्या वर्षीच्या सप्ताहात तो त्याच ओळीत होता. माळ गळ्यात होती. पोरगी पाण्याचा तांब्या घेऊन त्याच्यामागे उभी होती. आम्ही त्याला काही विचारले नाही. विचारण्याचे कारण उरले नव्हते.

गीतेच्या सहाव्या अध्यायात अर्जुनाने हाच प्रश्न केला आहे. श्रद्धेने वाटेला लागला, पण मन ढळले आणि मध्येच पडला, असा माणूस फाटलेल्या ढगासारखा इकडचा ना तिकडचा होऊन विरून तर जात नाही ना? भगवंतांनी त्याला प्रेमाने आश्वासन दिले की भले करू पाहणाऱ्याची दुर्गती होत नाही. तुटलेला धागा पुढे पुन्हा हाती येतो. त्याच अध्यायात मन वाऱ्यासारखे आवरत नाही अशी अर्जुनाची तक्रार आहे. आणि भगवंतही ती नाकारीत नाहीत. उपाय सांगतात तो अभ्यास आणि वैराग्य. अभ्यास म्हणजे पुन्हा पुन्हा. जो कधी पडत नाही त्याला 'पुन्हा' या शब्दाची गरजच नाही. तो शब्द पडणाऱ्यासाठी आहे. तेव्हा एक सोमवार चुकला म्हणून पुढच्या सोमवारची वाट पाहू नये. मंगळवार काही परका नाही. एकादशीचा उपवास चुकून मोडला म्हणून कोणी पंढरीची वाट सोडतो काय?

अखेरीस एक कथा, आपल्या सर्वांच्या परिचयाची. राजा परीक्षिताला शमीक ऋषींच्या पुत्राचा शाप झाला: सातव्या दिवशी तक्षकाचा दंश. राजाच्या हातात एकच आठवडा उरला. त्याने काय केले? वैद्य गोळा केले नाहीत, दैवाला बोल लावला नाही. राज्य पुत्राच्या हाती दिले, गंगेच्या तीरी जाऊन बसला आणि शुकाचार्यांना विचारले, मरणाच्या दारी असलेल्या माणसाने काय करावे? त्यातून श्रीमद्भागवत आले. आपण जो भागवत सप्ताह करतो, तो त्याच एका आठवड्याचा. आणि शुकाचार्यांनी आरंभीच राजाला धीर दिला तो कसा? खट्वांग राजाची आठवण करून. खट्वांगाला आपले आयुष्य एक मुहूर्त उरले आहे असे कळले; त्याने तेवढ्यात सर्व सोडून श्रीहरीला शरण जाऊन साधून घेतले. तुझ्याजवळ तर अजून सात दिवस आहेत, असे शुकांचे म्हणणे.

मुहूर्त म्हणजे दोन घटका, म्हणजे 48 मिनिटे. अहोरात्रात असे 30 मुहूर्त. सात दिवसांचे झाले 210. खट्वांगाला एक पुरला. आपल्याला दर सोमवारी पहाटे दोनशे दहा मिळतात, आणि आपण म्हणतो वेळ नाही, उत्साह नाही! परीक्षिताला आपला वार ठाऊक होता, आपल्याला ठाऊक नाही, एवढाच भेद. मरण यायचे ते या सातांपैकीच एका वारी येणार. आठवा वार विधात्याने केलेला नाही. हे ऐकून भिऊ नये. उलट मन मोकळे व्हावे. ज्या सातांत मरण आहे, त्याच सातांत सप्ताहही आहे.

तेव्हा सज्जनहो, येत्या महिन्याचे चार सोमवार आम्ही आपल्या पदरात घालतो. रविवारी दिवेलागणीस घरी समाजआरती करावी. सोमवारी पहाटे वाराचा एक अभंग म्हणावा. आणि दिवसाच्या पहिल्या मुहूर्तात, टाळीत आलेल्या कामाचे एक पाऊल टाकून प्रस्थान ठेवावे. याहून जास्त नको. जास्त केले की पाचव्या सोमवारी काहीच होत नाही. चार सोमवार झाले म्हणजे शेजाऱ्याला सांगावे, आणि ज्याने माळ खुंटीला टांगली आहे त्याच्या दारावरून जाताना एक हाक मारावी. कदाचित तो हाकेचीच वाट पाहत असेल.

पांडुरंग आपणां सर्वांचे पाऊल उंबऱ्याबाहेर पडू देवो. पुढची वाट चालविणारा तोच आहे.

पुंडलिक वरदे हरि विठ्ठल!